पाकिटावरचं ‘नरो वा कुंजरो वा’

नाशिकच्या गंगापूर रोडवरच्या कुठल्याही सुपरमार्केटात बिस्किटांच्या रांगेत उभं राहिलं, की हल्ली नागलीचे, म्हणजे नाचणीचे, चार-पाच तरी पुडे दिसतात. तपकिरी रंग, वर नागलीच्या कणसाचा फोटो, शेजारी ‘मिलेट’, ‘हाय फायबर’ आणि जमलं तर ‘आजीच्या हातची चव’. पेठ, सुरगाणा, त्र्यंबकेश्वरच्या डोंगरउतारावर पिकणारी ही नागली शहरातल्या लोकांनी कित्येक वर्षं गरिबाचं धान्य म्हणून बाजूला सारली होती. २०२३ हे आंतरराष्ट्रीय भरडधान्य वर्ष म्हणून साजरं झालं आणि तिला एकदम भाव आला. तो नागलीला आला की नागलीच्या नावाला, हे पुडा उलटल्याशिवाय कळत नाही.

तर उलटूच. उदाहरणासाठी मी एक पुडा मनानेच रचतो, कंपनी कुठलीच नाही. पण रांगेतला कोणताही खरा पुडा हातात घेतलात, तर रचना ओळखीची वाटेल. मागे बारीक अक्षरात घटक पदार्थ असे: मैदा ४८ टक्के, साखर, पाम तेल, नागलीचं पीठ १२ टक्के, गव्हाचा कोंडा, इन्व्हर्ट सिरप, खाण्याचा सोडा, इमल्सिफायर ३२२, मीठ. (मैद्याला इंग्रजी लेबलवर ‘रिफाइन्ड व्हीट फ्लोअर’ म्हणतात. घाईत फक्त ‘व्हीट’ वाचून आपण खूश होतो.)

ही यादी वाचायला दोन नियम पुरतात. पहिला, घटक वजनाच्या उतरत्या क्रमाने लिहावे लागतात. जे सगळ्यात जास्त, ते सगळ्यात आधी. म्हणजे वरचा पुडा हा मैदा, साखर आणि पाम तेलाचा आहे, नागली त्यात चौथ्या नंबरावर आहे. दुसरा नियम फार लोकांना माहीत नाही आणि तो जास्त कामाचा आहे: एखाद्या घटकाचा पाकिटावर शब्दांनी किंवा चित्राने डांगोरा पिटला असेल, तर तो घटक किती टक्के आहे हे यादीत सांगावंच लागतं. कणसाचा फोटो छापला की टक्का छापणं आलं. तो आकडा आधी शोधा.

आता त्या १२ टक्क्यांचा हिशेब. नागलीचं नाव होतं ते कॅल्शियममुळे. राष्ट्रीय पोषण संस्थेच्या तक्त्यांनुसार १०० ग्रॅम नागलीत सुमारे ३६४ मिलिग्रॅम कॅल्शियम आणि साधारण ११ ग्रॅम तंतू म्हणजे फायबर असतं. आपल्या पुड्यात १०० ग्रॅम बिस्किटांमागे नागली १२ ग्रॅम, तेव्हा तिच्यातून मिळणारं कॅल्शियम ४४ मिलिग्रॅमच्या आसपास. चार बिस्किटं, म्हणजे अंदाजे ३० ग्रॅम खाल्ली, तर १३. घरी पन्नास ग्रॅम पिठाची एक भाकरी थापली तर १८० मिळतं. बिस्किटाला कुणी विष म्हणत नाही. चहाबरोबर बिस्किट म्हणून खा, छान लागतं. फक्त ते नागली खाल्ल्याच्या समाधानात खाल्लं जातं आणि किंमतही त्या समाधानाची घेतली जाते.

‘हाय फायबर’चं काय? तेही खोटं असेलच असं नाही. १०० ग्रॅममागे ३ ग्रॅम तंतू असले की ‘फायबरचा स्रोत’ म्हणता येतं, ६ ग्रॅम असले की ‘हाय फायबर’. थोडा गव्हाचा कोंडा मिसळला की हा आकडा गाठता येतो. पण आपण १०० ग्रॅम खात नाही. दोन बिस्किटांत, १५ ग्रॅममध्ये, वाट्याला येतं ०.९ ग्रॅम. वर सांगितलेल्या एका भाकरीत साडेपाच.

धर्मराज खोटं बोलला नव्हता

कुरुक्षेत्रावर ‘अश्वत्थामा मेला’ हे धर्मराजाने मोठ्याने सांगितलं आणि ‘नरो वा कुंजरो वा’ हे तोंडातल्या तोंडात पुटपुटलं. वाक्य खरंच होतं, त्या नावाचा हत्ती मेला होता. द्रोणाचार्यांनी मात्र शस्त्र खाली ठेवलं. खाद्यपदार्थांच्या पाकिटाची कला नेमकी हीच आहे. धडधडीत खोटं छापणारे असतात, पण ते तुलनेने सहज पकडले जातात. अवघड आहेत ते खरं बोलणारे. दर्शनी बाजूला मोठा आवाज, मागच्या बाजूला पुटपुट.

सगळ्यात जुनं उदाहरण गोडेतेलाचं. ‘कोलेस्टेरॉल फ्री’ हे खरंच आहे, कारण कोलेस्टेरॉल तयार होतं प्राण्यांच्या शरीरात. शेंगदाणा, सूर्यफूल, सोयाबीन कुठल्याही तेलात ते नाव घेण्याइतकंही नसतं. त्यामुळे या डब्यात नाही हे सांगण्यात विशेष काही नाही, कारण शेजारच्या डब्यातही नाही. तेलाच्या बाबतीत सरकारने पूर्वीच काही शब्दांवर बंदी घातली: ‘डबल रिफाइन्ड’, ‘अँटी-कोलेस्टेरॉल’, ‘कोलेस्टेरॉल फायटर’ वगैरे म्हणता येत नाही. शब्द गेले, हृदयाचं चित्र आणि धावणारं कुटुंब राहिलं.

मग नाशिकच्या जिव्हाळ्याचा विषय, चिवडा. ‘रोस्टेड डाएट चिवडा’ या नावात ‘रोस्टेड’ पोहे कसे फुलवले ते सांगतं. फोडणीत तेल किती गेलं, मीठ-साखर किती, याबद्दल तो शब्द गप्प आहे. ‘लो फॅट’ म्हणायला मात्र मोजमाप आहे: १०० ग्रॅममध्ये जास्तीत जास्त ३ ग्रॅम. म्हणून पाकिटावर ‘लो फॅट’ नसून ‘रोस्टेड’, ‘बेक्ड’, ‘लाइट’ असं काही असेल, तर विचार करा की मोजता येणारा शब्द सोडून न मोजता येणारा का निवडला असेल. मिठासाठी सोडियमची ओळ बघायची आणि तिला अडीचने गुणायचं. १०० ग्रॅममागे ८०० मिलिग्रॅम सोडियम म्हणजे २ ग्रॅम मीठ. दिवसाची मर्यादा लेबलच्या हिशेबात २००० मिलिग्रॅम सोडियम, म्हणजे ५ ग्रॅम मीठ. शंभर ग्रॅम चिवड्यात ४० टक्के संपलं, आणि गप्पा मारत शंभर ग्रॅम चिवडा संपवणं नाशिककराला अजिबात जड नाही.

‘नॅचरल’, ‘प्युअर’, ‘रिअल’, ‘ट्रॅडिशनल’, ‘फ्रेश’ हे शब्दही मोकाट वापरायची परवानगी नाही. २०१८ च्या जाहिरात आणि दाव्यांच्या नियमांत प्रत्येकाला अटी आहेत. तरीही हे शब्द दिसतात, कारण कधीकधी ते ब्रँडच्या नावातच असतात. तशा वेळी ‘हे केवळ ब्रँडचं नाव आहे, पदार्थाचं खरं स्वरूप दाखवत नाही’ अशा अर्थाची सूचना द्यावी लागते. पुढच्या वेळी शोधून बघा. मला तरी सगळ्या लेबलातलं हे सर्वांत प्रामाणिक वाक्य वाटतं.

एका ‘सर्व्हिंग’ला किती?

पोषणाच्या तक्त्यात साधारण दोन प्रकारचे आकडे असतात: १०० ग्रॅममागे किती, आणि एका सर्व्हिंगला रोजच्या गरजेच्या किती टक्के. यातलं सर्व्हिंग केवढं हे कंपनी ठरवते. समजा बिस्किटात १०० ग्रॅमला २२ ग्रॅम साखर आहे आणि सर्व्हिंग दोन बिस्किटांचं, १५ ग्रॅम. साखर झाली ३.३ ग्रॅम. टक्केवारी काढायला रोजच्या ५० ग्रॅम वरून घातलेल्या साखरेचा आधार घेतात, तेव्हा तक्त्यात येईल जेमतेम ७ टक्के. किती साधं! पण शाळेतून आलेलं पोर दोनवर थांबत नाही. आठ खाल्ली की १३ ग्रॅम, २६ टक्के, चहाचे तीन चमचे भरून. आणि ५० ग्रॅम ही वरची हद्द आहे, तिथवर पोचायचं ध्येय नव्हे. शक्य तर २५ ग्रॅमच्या आत राहा, असं जागतिक आरोग्य संघटना सुचवते. शिवाय हे सगळे टक्के २००० कॅलरी खाणाऱ्या मोठ्या माणसाचे आहेत, दुसरीतल्या मुलाचे नाहीत.

म्हणून दोन वस्तूंची तुलना करायची तर १०० ग्रॅमचाच रकाना धरायचा. सर्व्हिंगचा रकाना सोडून द्या.

गोडाची सोंगं

साखर एका नावाने आली तर यादीत वर जाते. चार नावांनी आली तर चारही खाली राहतात. साखर, लिक्विड ग्लुकोज, इन्व्हर्ट सिरप, डेक्स्ट्रोज, फ्रुक्टोज, कॉर्न सिरप, मध, गूळ: एकाच पाकिटावर यातली तीन भेटली की बेरीज मनात करायची.

‘नो ॲडेड शुगर’ या दाव्याचा नियम लोकांना वाटतो त्यापेक्षा कडक आहे. साखर न घालता तिच्या जागी फळांचा आटवलेला रस किंवा सुक्या फळांचा लगदा घातला, तरी हा दावा करता येत नाही. पण एक फट उरते. माल्टोडेक्स्ट्रिन हा पिष्टापासून बनलेला पदार्थ तक्त्यात साखरेच्या ओळीत न बसता कर्बोदकांच्या ओळीत बसतो. पोटात गेल्यावर मात्र तो रक्तातलं ग्लुकोज झपाट्याने वाढवतो. मधुमेह असलेल्याने म्हणूनच साखरेच्या ओळीवर न थांबता वरची कर्बोदकांची ओळ वाचावी. ‘शुगर फ्री’ म्हणजे १०० ग्रॅममध्ये अर्धा ग्रॅम किंवा त्याहून कमी साखर. तूप, मैदा, कॅलरी यांबद्दल तो शब्द काहीच सांगत नाही. भारतीय वैद्यकीय संशोधन परिषद आणि राष्ट्रीय पोषण संस्थेने २०२४ च्या आहार मार्गदर्शिकेत हेच बजावलं आहे: शुगर फ्री पदार्थ चरबीने भरलेला असू शकतो, आणि फळांच्या रसाच्या नावाखाली जेमतेम १० टक्के फळ असू शकतं.

तो १० चा आकडा हवेतून आलेला नाही. ‘फ्रूट ड्रिंक’ म्हणून विकायला नियमानेच किमान १० टक्के रस पुरतो, लिंबाच्या बाबतीत ५. बाकी पाणी, साखर, आम्ल, वास. आणि आटवलेल्या रसात पुन्हा पाणी घालून केलेल्या रसावरचा ‘१०० टक्के फळांचा रस’ हा दावा काढून टाका, असा आदेश भारतीय अन्न सुरक्षा आणि मानके प्राधिकरणाने, म्हणजे एफएसएसएआयने, जून २०२४ मध्ये दिला. ज्या जिल्ह्यात फेब्रुवारी-मार्चमध्ये द्राक्षं हातगाडीवर मिळतात, तिथे द्राक्षाच्या चवीचं खोकं घेणाऱ्याला काय म्हणावं?

मुलांच्या दुधात घालायच्या पावडरींचं प्रकरणही त्याच वर्षी मार्गी लागलं. २०२३ मध्ये एका समाजमाध्यमी व्हिडिओने अशा एका पावडरीतल्या साखरेवर बोट ठेवलं होतं, कंपनीची नोटीस आली, व्हिडिओ काढावा लागला, पण विषय राष्ट्रीय बाल हक्क संरक्षण आयोगापर्यंत गेला. एप्रिल २०२४ मध्ये केंद्र सरकारने ऑनलाइन विक्रेत्यांना सांगितलं, की ही पेयं ‘हेल्थ ड्रिंक’ या सदरातून हलवा. कारण वाचून हसू येईल: अन्न सुरक्षा कायद्यात ‘हेल्थ ड्रिंक’ नावाची गोष्टच नाही. दोन पिढ्या ज्या नावावर दूध प्यायल्या, त्या नावाला व्याख्याच नव्हती.

ज्यात जिवाशी गाठ होती

आतापर्यंतचं सगळं खिसा आणि वजन यांच्याबद्दल होतं. ओआरएसचं, म्हणजे जुलाबात पाजायच्या मीठ-साखरेच्या द्रावणाचं, प्रकरण तसं नाही.

जुलाबात शरीरातलं पाणी आणि क्षार निघून जातात. नुसतं पाणी प्यायलं तर आतडं ते पुरेसं शोषत नाही. पण सोडियम आणि ग्लुकोज एकत्र असले, की आतड्याच्या पेशी दोघांना जोडीने आत घेतात आणि त्यांच्यामागे पाणी जातं. डॉ. दिलीप महालनबीस यांनी १९७१ मध्ये बनगावच्या निर्वासित छावणीत कॉलऱ्याच्या रुग्णांना मीठ-साखरेचं असं द्रावण पाजून हजारोंचा जीव वाचवला. आज जागतिक आरोग्य संघटनेच्या सूत्रात एक लिटर पाण्यात १३.५ ग्रॅम ग्लुकोज, २.६ ग्रॅम मीठ, १.५ ग्रॅम पोटॅशियम क्लोराइड आणि २.९ ग्रॅम सोडियम सायट्रेट असतं, एकूण २०.५ ग्रॅमची पुडी. सगळी मेहनत त्या प्रमाणात आहे. साखर खूप वाढली तर उलटं होतं: आतड्यात साचलेली साखर शरीरातलं पाणी आतड्यात ओढते आणि जुलाब वाढतात.

आणि बाजारात काय होतं? नावात ‘ओआरएस’ ही अक्षरं असलेली, फळांच्या चवीची तयार पेयं, मेडिकलच्या काउंटरवर खऱ्या पुड्यांच्या शेजारी. त्यांतल्या काहींत लिटरमागे शंभर ग्रॅमच्या आसपास किंवा जास्त साखर. एप्रिल-मेच्या उन्हात पोराला जुलाब सुरू झाले, की बाप मेडिकलमध्ये जाऊन म्हणतो, ‘भाऊ, ओआरएस द्या.’ भाऊ खोकं देतो, पोर चव बघून आवडीने पितं, आणि घरच्यांना वाटतं इलाज सुरू झाला.

हैदराबादच्या बालरोगतज्ज्ञ डॉ. शिवरंजनी संतोष यांनी हे वर्षानुवर्षं लावून धरलं आणि २०२२ मध्ये तेलंगणा उच्च न्यायालयात जनहित याचिका केली. एफएसएसएआयने त्याच वर्षी आधी बंदी घातली, पण काही महिन्यांतच ट्रेडमार्कमध्ये पुढे-मागे ‘ओआरएस’ चालेल, फक्त ‘हे जागतिक आरोग्य संघटनेने शिफारस केलेलं ओआरएस सूत्र नाही’ अशी सूचना छापा, अशी सवलत दिली. पुन्हा तोच प्रकार, अक्षरं मोठी आणि सूचना बारीक. १४ ऑक्टोबर २०२५ ला ती सवलत अखेर काढून घेतली गेली. सूत्राशी न जुळणाऱ्या कुठल्याही पेयाच्या नावात आता ‘ओआरएस’ वापरता येत नाही. तरी मेडिकलमध्ये मागताना ‘एक लिटरची पावडरची पुडी, जागतिक आरोग्य संघटनेच्या सूत्राची’ असं स्पष्ट म्हणा. प्राथमिक आरोग्य केंद्रात आणि आशाताईंकडे तीच पुडी फुकट मिळते.

मोठ्या कंपन्या आणि घरगुती बरण्या

दोष फक्त मोठ्या कंपन्यांना देणं सोपं आहे. डोंगरे वसतिगृह मैदानावर प्रदर्शन लागलं की बचत गटांच्या स्टॉलवर असा संवाद हमखास कानावर पडतो:

‘काकू, हे लाडू शुगरला चालतात का?’

‘चालतात ना ताई, गुळाचे आहेत.’

काकूंच्या मनात पाप नसतं. पण गूळ म्हणजे बहुतांश साखरच, थोडं लोह वगैरे बरोबर असलं तरी. आणि नागली म्हणजे १०० ग्रॅमला ६५-७० ग्रॅम कर्बोदकं असलेलं धान्य. एखाद्या बरणीवर ‘मधुमेह बरा करणारं’ किंवा ‘कोलेस्टेरॉल घालवणारी भगर’ असं स्टिकर असेल, तर ते कंपनीच्या जाहिरातीइतकंच बेकायदा आहे. खाद्यपदार्थ रोग टाळतो किंवा बरा करतो असं, खास मंजुरीशिवाय, कुणालाच म्हणता येत नाही. मला विचाराल तर बचत गटाने स्टिकरवर ‘नागली ७० टक्के, गूळ २० टक्के’ एवढं खरं प्रमाण मोठ्या अक्षरात लिहावं. मोठ्या कंपनीला ते करणं परवडत नाही, यांना परवडतं.

कायदा आहे, मग अडतं कुठे?

अन्न सुरक्षा आणि मानके कायदा २००६ चा. त्याच्या कलम ५३ नुसार दिशाभूल करणाऱ्या जाहिरातीला १० लाखांपर्यंत दंड आहे. ग्राहक संरक्षण कायदा २०१९ नुसार केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरण १० लाख, पुन्हा केल्यास ५० लाखांपर्यंत दंड करू शकतं, आणि जाहिरातीत झळकणाऱ्या प्रसिद्ध व्यक्तीलाही एक वर्षापर्यंत, पुन्हा केल्यास तीन वर्षांपर्यंत जाहिरातबंदी घालू शकतं. देशभर विकणाऱ्या कंपनीच्या जाहिरातखर्चापुढे ही रक्कम किरकोळ आहे. शिवाय ही सगळी कारवाई माल विकून झाल्यावर.

खरा वाद चालू आहे तो पाकिटाच्या दर्शनी बाजूवर काय सक्तीने छापावं याचा. एफएसएसएआयने सप्टेंबर २०२२ मध्ये ताऱ्यांचा मसुदा आणला: अर्ध्यापासून पाचपर्यंत तारे, जितके जास्त तितका पदार्थ बरा. चिलीने २०१६ पासून वेगळा रस्ता धरला. तिथे साखर, मीठ, चरबी किंवा कॅलरी जास्त असल्या, की दर्शनी बाजूला काळा अष्टकोन आणि त्यात ‘साखर जास्त’ असे सरळ शब्द. सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल २०२५ मध्ये दर्शनी इशाऱ्याच्या लेबलबाबत तज्ज्ञ समितीने शिफारशी द्याव्यात असं सांगितलं. मी अष्टकोनाच्या बाजूचा आहे. ताऱ्यांमध्ये सरासरी निघते: भरपूर साखरेच्या पदार्थात थोडे बदाम आणि कोंडा घातला की गुण वाढतात, तारा पदरात पडतो आणि कंपनीच्या हातात आणखी एक दर्शनी दावा येतो, तोही सरकारी शिक्क्याचा.

तोवर तक्रार हे एक हत्यार आहे, आणि ते वाटतं तितकं किचकट नाही. एफएसएसएआयचा टोल-फ्री क्रमांक १८००११२१०० आहे, राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन १९१५. नाशिकमध्ये अन्न व औषध प्रशासनाचं विभागीय कार्यालय आहे आणि नुकसानभरपाई मागायची असेल तर जिल्हा ग्राहक आयोग. तक्रारीत ‘हे अनहेल्दी आहे’ असं मोघम लिहिलंत तर ती फायलीत पडून राहते. ‘दर्शनी बाजूला बदामाचं चित्र आहे, यादीत बदामाची टक्केवारी नाही’ असं लिहिलंत तर अधिकाऱ्याला नियम शोधावा लागत नाही. बिल जपा, दोन्ही बाजूंचे फोटो घ्या, बॅच क्रमांक आणि चौदा आकडी परवाना क्रमांक स्पष्ट येऊ द्या. आणि तक्रारीचा निकाल लागेपर्यंत ते रिकामं पाकीट घंटागाडीत टाकू नका.